शेटलंडच्या बेटांवर, एका गेलेल्या भाषेच्या मागावर

ब्रिटनचा नकाशा उघडलात तर शेटलंडची बेटं बहुधा आपल्या जागी सापडत नाहीत. ती इतकी उत्तरेला आहेत की कागद पुरत नाही. मग नकाशा काढणारे त्यांना उचलतात आणि एका चौकटीत घालून स्कॉटलंडच्या कुशीत बसवतात. बेटवाल्यांना याचा फार राग. शेवटी २०१८ साली स्कॉटलंडच्या बेटांसाठी कायदा झाला, तेव्हा सरकारी नकाशांत शेटलंड जिथं आहे तिथंच दाखवावं, असं कलम त्यात आलं. आपल्या जागी असणं ही या बेटांच्या दृष्टीनं साधी गोष्ट नाही, कारण त्यांची जागा दोन देशांच्या मधली आहे. शेटलंडचं मुख्य गाव लेरविक. तिथून नॉर्वेचं बर्गन शहर जेवढं दूर आहे, त्याहून स्कॉटलंडची राजधानी एडिंबरा जास्त दूर आहे.

आम्ही जूनमध्ये गेलो. अॅबर्डीनच्या बंदरातून संध्याकाळी सात वाजता बोट सुटते आणि सकाळी साडेसातच्या सुमारास लेरविकला लागते. बोटीवरून पहिल्यांदा दिसतं ते हिरवंगार, पण झाडं नसलेलं रान. वारा इतका की झाड धरत नाही. साठाव्या अक्षांशावरचा हा मुलूख. सुमारे शंभर बेटं, त्यांतल्या पंधरा-सोळांवरच वस्ती, आणि सगळी मिळून माणसं तेवीस हजारांच्या आसपास. जूनमध्ये सूर्य रात्री साडेदहाच्या सुमारास मावळतो आणि चारच्या आत पुन्हा उगवतो. मधल्या वेळात आकाश काळं होतच नाही, नुसतं निळसर-करडं राहतं. मगरिब झाली तरी क्षितिजावरचा उजेड सरत नाही, मग इशाची वेळ कधी धरायची, हा प्रश्न आम्हाला पहिल्याच रात्री पडणार होता. अॅबर्डीनच्या मशिदीचं वेळापत्रक सोबत घेतलं होतं म्हणून बरं. या न मावळणाऱ्या संध्याकाळीला बेटवाले ‘सिमर डिम’ म्हणतात.

पण हा लेख निसर्गाबद्दल नाही. तो एका भाषेबद्दल आहे, जी या बेटांवर काही शतकं बोलली गेली आणि आता जगात कुणीच बोलत नाही. तिचं नाव नॉर्न.

इसवी सनाच्या नवव्या शतकात नॉर्वेच्या पश्चिम किनाऱ्यावरून लोक इथं आले आणि स्थायिक झाले. त्यांची भाषा जुनी नॉर्स. तीच भाषा आइसलंडला गेली, फेरो बेटांवर गेली, आणि तिथं आजही तिच्या लेकी जिवंत आहेत. शेटलंड आणि त्याच्या दक्षिणेला असलेल्या ओर्कनी बेटांवर तिचं जे रूप झालं, ते नॉर्न. या दर्यावर्दी लोकांची ये-जा कुठवर होती याचा एक पुरावा आपल्या वाचकांना विशेष वाटेल. ओर्कनीत स्केल या ठिकाणी १८५८ साली जमिनीत पुरलेला चांदीचा मोठा साठा सापडला. त्यात इंग्लंडच्या नाण्यांबरोबर अरबी दिरहमही होते. इस्लामी मुलखांतली चांदी रशियातल्या नद्यांच्या वाटेनं उत्तरेत पोहोचत असे. त्याच वाटेवर, व्होल्गा नदीच्या काठी, बगदादच्या खलिफाच्या शिष्टमंडळातून गेलेल्या इब्न फदलान यांनी दहाव्या शतकात ‘रूस’ नावाच्या उत्तरेकडच्या व्यापाऱ्यांचं वर्णन लिहून ठेवलं आहे.

तर अशी ही मोठ्या घराण्यातली भाषा. ती गेली कशी?

गोष्ट एका हुंड्यापासून सांगतात. १४६८ साली डेन्मार्क आणि नॉर्वेचा राजा पहिला क्रिस्तियान यानं आपली मुलगी मार्गारेट हिचं लग्न स्कॉटलंडचा राजा तिसरा जेम्स याच्याशी ठरवलं. हुंडा ठरला साठ हजार सोन्याचे फ्लोरिन. मुलीच्या बापाकडे एवढा पैसा नव्हता. पन्नास हजारांपोटी त्यानं ओर्कनी बेटं गहाण टाकली आणि दहा हजार रोख देण्याचं कबूल केलं. त्यातलेही दोनच हजार जमले. उरलेल्या आठ हजारांसाठी १४६९ मध्ये शेटलंड गहाण पडलं. गहाण कधीच सुटलं नाही. १४७२ मध्ये स्कॉटलंडनं दोन्ही बेटसमूह आपल्या राजसत्तेला जोडून घेतले. हुंड्यापायी शेत, दागिने आणि राहतं घर गहाण पडल्याच्या कथा आपण ऐकतो. इथं माणसांसकट बेटं गहाण पडली.

तरी राजा बदलला म्हणून लोकांची जीभ दुसऱ्या दिवशी बदलत नाही. शेटलंडमध्ये त्यानंतरही जवळजवळ तीनशे वर्षं नॉर्न बोलली जात होती. बदल हळूहळू आला, आणि तो वरून खाली आला. स्कॉटलंडचे जमीनदार आले, त्यांचे कारभारी आले. चर्चमधला उपदेश स्कॉट्स आणि इंग्रजीत होऊ लागला. नॉर्नमध्ये बायबल कधी छापलंच गेलं नाही, त्यामुळे लोकांच्या धर्माची लिखित भाषा परकी राहिली. १६११ साली बेटांवरचे जुने नॉर्स कायदे रद्द झाले आणि कज्ज्यांचा निकाल स्कॉटलंडच्या कायद्यानं लागू लागला. त्याच सुमारास नॉर्स भाषेत दस्तऐवज लिहिणं थांबलं. आता बघा, जमिनीचा कागद, कोर्टातली तक्रार, बाजारातला हिशेब आणि देवाची प्रार्थना हे सगळं दुसऱ्या भाषेत. घरच्या भाषेला उरलं ते घर, शेत आणि समुद्र. लोक बराच काळ दोन्ही भाषा बोलत राहिले. मग एका पिढीतल्या आईवडिलांनी ठरवलं की मुलांशी ती एकच भाषा बोलायची, जिचा उपयोग होतो. बंदी कुणी घातली नव्हती आणि कुणी मारझोडही केली नव्हती. लेकरांच्या भल्यासाठीच हे झालं.

अभ्यासकांमध्ये यावर वाद आहे. काहींच्या मते नॉर्नमध्ये स्कॉट्स शब्द मिसळत मिसळत ती नकळत दुसरी भाषा होऊन गेली. काहींच्या मते तसं नाही. नॉर्न शेवटपर्यंत नॉर्नच होती, फक्त तिचे बोलणारे थांबले. बेटांवर फिरल्यावर आम्हाला दुसरं म्हणणं पटलं. भाषा झिजण्याआधी तिची घरातली गरज संपते.

शेटलंडच्या पश्चिमेला फूला नावाचं एकाकी बेट आहे. नावाचा अर्थ ‘पक्ष्यांचं बेट’. आज तिथं तीसेक माणसं राहतात आणि अजूनही जुन्या कॅलेंडरप्रमाणे ६ जानेवारीला नाताळ आणि १३ जानेवारीला नवं वर्ष साजरं करतात. १७७४ साली जॉर्ज लो नावाचे एक धर्मोपदेशक तिथं पोहोचले. त्यांना निसर्गाचा आणि जुन्या गोष्टींचा नाद होता. विल्यम हेन्री नावाच्या एका म्हाताऱ्या शेतकऱ्यानं त्यांना पस्तीस कडव्यांचं एक जुनं गाणं म्हणून दाखवलं. ओर्कनीचा सरदार आणि नॉर्वेच्या राजाची मुलगी हिल्डिना यांची ती कथा. लो यांना नॉर्नचा एक शब्दही येत नव्हता. कानाला जसं ऐकू आलं तसं ते इंग्रजी अक्षरांत उतरवत गेले. शब्द कुठं संपतो आणि कुठं सुरू होतो, हेसुद्धा त्यांना कळत नव्हतं. त्याबरोबर त्यांनी एक प्रार्थना आणि तीस शब्दांची एक छोटी यादी लिहून घेतली. पुढं मारियस हेगस्टाड या नॉर्वेच्या विद्वानानं १९०० साली त्या गाण्याची उकल करून दाखवली. आज नॉर्न भाषेचा सलग म्हणावा असा मोठा मजकूर तो एवढाच. एका अनोळखी पाहुण्यानं, अर्थ न कळता, पण मन लावून लिहून घेतलेला.

आम्हाला अनस्ट बेटावर जायचं होतं. लेरविकहून मोटारीनं उत्तरेला टॉफ्ट, तिथून छोट्या बोटीनं येल बेट, येल ओलांडून गुचर, आणि पुन्हा बोटीनं अनस्ट. अनस्टच्या उत्तर टोकाला स्काव नावाची वस्ती आहे. तिथल्या घरापुढं ब्रिटनमध्ये दुसरं घर नाही. नॉर्न बोलू शकणारा शेवटचा माणूस म्हणून ज्याचं नाव सांगतात, तो वॉल्टर सदरलँड इथलाच. तो १८५०च्या सुमारास वारला. वाळूचा छोटा किनारा, दगडी भिंती, चरणाऱ्या मेंढ्या आणि थांबायला तयार नसलेला वारा, एवढंच तिथं आहे. आम्ही बराच वेळ उभे राहिलो. त्या माणसाच्या म्हातारपणी त्याला उत्तर देणारं कोण होतं, हा विचार मनातून जात नव्हता.

तो गेल्यानंतर चाळीसेक वर्षांनी, १८९३ मध्ये, फेरो बेटांवरचे याकोब याकोब्सेन हे तरुण भाषाशास्त्रज्ञ शेटलंडला आले. भाषा गेली होती, पण त्यांनी वेगळाच मार्ग धरला. ते दोन वर्षं बेटाबेटांवर पायी हिंडले, लोकांच्या चुलीपाशी बसले, नावेत बसले, आणि प्रत्येक वस्तूला काय म्हणता, वाऱ्याला काय म्हणता, मेंढीच्या रंगाला काय म्हणता, हे विचारत गेले. लोक आपल्या मते इंग्रजीच बोलत होते. पण त्या इंग्रजीच्या पोटातून याकोब्सेन यांनी सुमारे दहा हजार नॉर्न शब्द बाहेर काढले. त्यांची मातृभाषा फेरोई ही नॉर्नची सख्खी बहीण, म्हणून त्यांना घरचे शब्द लगेच ओळखू आले. त्यांचा कोश १९०८पासून डॅनिश भाषेत निघू लागला. १९१८ साली ते वारले, आणि शेवटचा भाग त्यानंतर १९२१ मध्ये आला.

त्या दहा हजारांतले सगळे शब्द आज चालत नाहीत, पण जे चालतात ते कानावर पडतातच. आणि कोणते शब्द राहिले हे पाहिलं की बरंच काही कळतं. कायदा, पैसा आणि शाळा यांचे शब्द नॉर्नचे राहिले नाहीत, कारण ते व्यवहार दुसऱ्या भाषेत गेले. राहिले ते हाताचे, पायाचे आणि डोळ्यांचे शब्द. वसंत ऋतू म्हणजे ‘व्होअर’. समुद्राची आत घुसलेली लांब खाडी म्हणजे ‘व्हो’. नाव ओढून ठेवण्याचा किनाऱ्यावरचा खळगा म्हणजे ‘नूस्ट’. नावेतलं पाणी उपसायचं भांडं ‘ऑस्करी’. पाठीवर वाहायची गवताची टोपली ‘किशी’. इथं झाडं नाहीत, म्हणून दलदलीतली माती कापून, वाळवून चुलीत जाळतात. ती कापायच्या खास फावड्याला ‘टुश्कर’ म्हणतात. या फावड्यासाठी स्कॉटलंडच्या माणसाकडे तयार शब्द नव्हता, म्हणून जुना शब्द वाचला.

मेंढ्यांचं तर विचारूच नका. शेटलंडच्या मेंढीचे अकरा मुख्य रंग आणि तीस प्रकारच्या खुणा जाणकार मोजतात. तपकिरी ती ‘मूरिट’. दंव पडल्यासारखी काळपट-करडी ती ‘शेला’. अंग रंगीत आणि तोंड पांढरं ती ‘शोल्मेट’. आपल्याकडे शेळ्या पाळणाऱ्या घरात करडी, बांडी, कबरी म्हणून जनावर दुरूनच ओळखतात, तसंच हे. ज्याचं पोट ज्यावर आहे, त्याची नावं माणूस विसरत नाही.

हवेचंही तसंच. दाट धुकं वेगळं, दरीतून उठणारं धुकं वेगळं, डोंगरावरून अचानक कोसळणारा वाऱ्याचा झोत तो आणखी वेगळा, ‘फ्लॅन’. हिवाळ्यात आकाशात नाचणाऱ्या हिरव्या प्रकाशाला बेटवाले ‘मिरी डान्सर्स’ म्हणतात. आणि गंमत म्हणजे हवामानाला ते पुल्लिंगी बोलतात, ‘तो आज बरा आहे’, ‘तो बिघडणार’. जुन्या नॉर्समध्ये आपल्या मराठीसारखीच तीन लिंगं होती. इंग्रजीत निर्जीव वस्तूला लिंग नाही, पण शेटलंडच्या बोलीत त्याची सावली राहिली आहे.

आम्ही अनस्टवर ज्यांच्याकडे उतरलो होतो, त्या बाई सत्तरीच्या. स्वयंपाकघरात नातवाशी बोलताना त्या त्याला ‘डू’ म्हणत होत्या. शेजारचे वयस्क गृहस्थ आले तेव्हा शब्द बदलून ‘यू’ झाला. आम्हाला ते लगेच उमगलं, कारण आपल्याकडे तू आणि तुम्ही असतंच. आम्ही विचारल्यावर त्या हसून म्हणाल्या, मोठ्या माणसाला ‘डू’ म्हटलं तर लहानपणी कान पिळला जायचा. शाळेतली इंग्रजी हा भेद शिकवत नाही, बोली शिकवते. अदब कुठल्या भाषेत ठेवलेली असते, हे अशा वेळी कळतं. त्यांनी आमच्यासाठी मासे आणि तव्यावर भाजलेली बॅनॉक नावाची जाड भाकरी केली. धुरकट, खारवलेल्या मटणाची इथली प्रसिद्ध ‘रीस्टिट मटन’ आम्ही अर्थातच सोडून दिली. त्या माशालाही वयाप्रमाणे नावं आहेत. पहिल्या वर्षी तो ‘सिलॉक’, मग ‘पिल्टॉक’, आणि मोठा झाला की ‘सेथ’.

त्यांच्याकडेच एक जुनं कोडंही ऐकलं. त्यातले शब्द बहुतेक नॉर्नचे, आणि बेटावर ते पिढ्यान्‌पिढ्या तोंडपाठ होतं. चार लोंबणाऱ्या, चार चालणाऱ्या, चार वर उभ्या राहणाऱ्या, दोन वाट दाखवणाऱ्या, आणि एक मागून हलत येणारी, असं काहीसं ते आहे. सड, पाय, शिंगं आणि कान, डोळे, शेपूट. उत्तर गाय. हेच कोडं थोड्या फरकानं आइसलंडच्या जुन्या सागांमध्येही आहे. मुलांना हसवण्यासाठी म्हणायचं कोडं, त्यानं सातशे-आठशे वर्षांचा प्रवास केला, आणि ज्या भाषेत ते जन्मलं ती गेल्यावरही ते राहिलं.

समुद्राचे शब्द राहिले ते मात्र भीतीमुळे. पूर्वी शेटलंडचे मच्छीमार ‘सिक्सरीन’ नावाच्या सहा वल्ह्यांच्या उघड्या नावेतून किनाऱ्यापासून चाळीस चाळीस मैल आत जात. या खोल समुद्राला ‘हाफ’ म्हणत. तिथं काही शब्द उच्चारायला बंदी होती. चर्चच्या उपदेशकाचं नाव घ्यायचं नाही, तो ‘उभा राहणारा’. चर्च म्हणजे ‘प्रार्थनेचं घर’. मांजर म्हणायचं नाही, तिला ‘रडणारी’ अशा अर्थाचा शब्द. हे सगळे पर्यायी शब्द नॉर्नचे. जमिनीवर जी भाषा टाकून दिली होती, ती पाण्यावर वाचवील अशी त्यांची समजूत. आपल्याला ती अंधश्रद्धा वाटेल, आहेच. पण येल बेटावर ग्लूप इथं उभं राहिलं की हसू येत नाही. जुलै १८८१मध्ये एका वादळात दहा नावा बुडाल्या आणि अठ्ठावन्न माणसं गेली. तिथं स्मारक आहे.

आता सगळ्यात महत्त्वाची गोष्ट. नॉर्न गेली, तिच्या जागी आलेली स्कॉट्स-मिश्रित शेटलंड बोली आता स्वतः त्याच वाटेवर आहे. १८७२मध्ये स्कॉटलंडमध्ये शिक्षण सक्तीचं झालं आणि शाळेत शुद्ध इंग्रजीचा आग्रह धरला गेला. बेटवाल्यांनी त्या ठेवणीतल्या इंग्रजी बोलण्याला ‘नॅपिंग’ असं नाव दिलं. पाहुण्यांशी नॅपिंग करायचं, घरात बोली. मग १९७०च्या दशकात उत्तर समुद्रात तेल सापडलं, सुलोम व्होला मोठा तळ उभा राहिला, बाहेरून माणसं आली, आणि पाहुण्यांशी बोलायची भाषा रोजची होऊन बसली. पण या वेळी लोक आधी सावध झाले आहेत. १९४७पासून ‘द न्यू शेटलँडर’ हे नियतकालिक बोलीतलं लेखन छापत आलं आहे. जॉन ग्रॅहम यांचा बोलीचा कोश १९७९मध्ये निघाला. लेरविकच्या नव्या संग्रहालयात बोली ऐकायला मिळते. बाईंचा नातू मात्र आजीला इंग्रजीत उत्तर देत होता.

जायचं असेल तर मे ते ऑगस्ट हा काळ बरा. जूनमध्ये रात्र नसते आणि थंडी कमी असते, तरी स्वेटर आणि वाऱ्याचा कोट हवाच. लेरविकचं संग्रहालय आणि जार्ल्सहॉफ इथले प्राचीन अवशेष पाहावेत, आणि एक दिवस अनस्टसाठी ठेवावा. एक युक्ती सांगतो. बेटावर कुणाशी बोलताना ‘याला काय म्हणता’ असं विचारा. माणूस लगेच खुलतो, आणि नावामागून गोष्ट येते.

याकोब्सेननंही तेवढंच केलं होतं. आपल्यापैकी कित्येक घरांत नानी-दादी अशी भाषा बोलतात जी मुलांच्या पुस्तकात नाही. कुणाकडे कोकणी, कुणाकडे दखनी. परत आल्यावर आम्ही एक वही घेतली आणि पहिल्या पानावर अम्मीकडून स्वयंपाकघरातल्या भांड्यांची नावं उतरवली. बत्तीस झाली. त्यांतली सात आम्हाला माहीत नव्हती.